प्रवासी बोटीसाठी हायड्रोजन फ्युएल सेल निवडण्यापूर्वी नेमके काय तपासावे?

सुकाणू (प्रश्न)

साठ प्रवाशांच्या एका डिझेल बोटीऐवजी हायड्रोजन फ्युएल सेलवर, म्हणजे हायड्रोजन आणि हवेतील ऑक्सिजन यांच्या संयोगातून थेट वीज करणाऱ्या यंत्रणेवर, चालणारी बोट घ्यावी की नाही, यासंबंधीचे तांत्रिक टिपण तयार करण्याचे काम माझ्याकडे आले आहे. डिझेल इंजिनांवर मी बराच काळ काम केले आहे, परंतु फ्युएल सेलशी माझा संबंध आजवर वाचनापुरताच आलेला आहे. त्यामुळे ज्यांनी ही यंत्रणा जवळून पाहिली आहे, त्यांच्याकडून काही गोष्टी समजून घ्याव्यात, या हेतूने येथे लिहीत आहे.

बोटीचा मार्ग बऱ्यापैकी शांत, परंतु खाऱ्या पाण्यातला आहे. एका बाजूचे अंतर २० किलोमीटर असून वेग १० नॉटच्या आसपास असतो, म्हणजे एका खेपेस तासाभराहून थोडा अधिक वेळ लागतो. दिवसाकाठी बोट सुमारे १० तास प्रत्यक्ष चालते आणि दोन खेपांच्या मध्ये धक्क्यावर जेमतेम १५ मिनिटे थांबते. शाफ्टवरील, म्हणजे बोटीचा पंखा फिरवणाऱ्या दांड्यावरील, सरासरी शक्ती ९० किलोवॉट भरते. धक्क्याला लागताना किंवा ओहोटीच्या प्रवाहाविरुद्ध जाताना ती काही काळ १८० किलोवॉटपर्यंत चढते.

पुरवठादारांच्या माहितीपत्रकांत ‘धूर नाही, आवाज नाही, बाहेर पडते ते केवळ पाणी’ एवढेच ठळक अक्षरांत लिहिलेले असते. ते खरेही असेल, परंतु एवढ्यावर निर्णय घेता येत नाही. दिवसाला हायड्रोजन किती लागेल, तो बोटीवर कोठे ठेवायचा, त्याच कामासाठी बॅटरी पुरेशी होणार नाही काय, माणसांनी भरलेल्या बोटीवर हा वायू बाळगणे कितपत सुरक्षित आहे, आणि खाऱ्या हवेत ही यंत्रणा टिकते काय, हे माझे मुख्य प्रश्न आहेत. ज्यांनी अशा बोटींचे प्रत्यक्ष अनुभव अभ्यासले आहेत, त्यांनी तेही अवश्य सांगावेत.

डोलकाठी (उत्तर)

आपण शाफ्टवरची मोजलेली शक्ती दिली आहे, त्यामुळे नेमके बोलणे शक्य आहे. बहुतेक चर्चा इंजिनाच्या पाटीवर कोरलेल्या कमाल शक्तीवरून होते आणि तेथेच हिशेब फसतो.

शाफ्टवर सरासरी ९० किलोवॉट आणि १० तास, म्हणजे दिवसाला ९०० किलोवॉट-तास. मोटर आणि विद्युत नियंत्रकांत सुमारे एक दशांश ऊर्जा जाते असे धरले, तर १,००० किलोवॉट-तास वीज लागेल. एक किलो हायड्रोजनमध्ये ३३ किलोवॉट-तासांहून थोडी अधिक ऊर्जा असते आणि फ्युएल सेल तिच्या निम्म्याची वीज करतो. उरलेली उष्णतेच्या रूपाने बाहेर टाकावी लागते. म्हणजे किलोमागे साधारण १६ किलोवॉट-तास वीज हाती येते आणि आपली दिवसाची गरज ६२ किलोच्या आसपास जाते. हेच काम आपली डिझेल इंजिने सुमारे २०० किलो डिझेलमध्ये करतात.

वजनात हायड्रोजन इतका हलका दिसतो, पण तो मावत नाही, ही खरी अडचण आहे. ३५० बार, म्हणजे हवेच्या नेहमीच्या दाबाच्या सुमारे ३५० पट, दाबाखालीसुद्धा एका घनमीटरमध्ये केवळ २४ किलो हायड्रोजन बसतो. त्यामुळे आपल्याला आतून अडीच घनमीटरांहून अधिक जागा असलेल्या टाक्या लागतील. कार्बन तंतूंनी गुंडाळलेल्या टाक्यांतही वायूचे वजन एकूण वजनाच्या पाच ते सहा टक्केच असते, म्हणजे ६२ किलो वायूसाठी टाक्याच १००० ते १२०० किलोंच्या होतात. त्यांची चौकट, झडपा आणि पाइप वेगळे. शिवाय टाकी शेवटच्या किलोपर्यंत रिकामी करता येत नाही आणि थोडा साठा नेहमीच राखून ठेवावा लागतो, म्हणून मी ७५ ते ८० किलोंच्या क्षमतेखाली जाणार नाही.

हे वजन कोठे बसते, याला फार महत्त्व आहे. वायू गळलाच तर तो मोकळ्या हवेत वर निघून जावा, म्हणून टाक्या बहुधा छतावर ठेवतात. आता दीड टन वजन छतावर चढवायचे आणि खाली सरासरी ७५ किलोंची साठ माणसे, म्हणजे साडेचार टन, धक्का जवळ येताच एका बाजूला गोळा होणार! एकेरी सांगाड्याच्या अरुंद जुन्या बोटीत हे करायला मी कधीही तयार होणार नाही. या प्रकारच्या अनेक बोटी दोन सांगाड्यांच्या, म्हणजे कॅटॅमरॅन पद्धतीच्या असतात, त्यामागे स्थिरतेचे हे कारण आहे. जुन्या बोटीत नवी यंत्रणा बसवण्याचा विचार टिपणात असेल, तर स्थिरतेची चाचणी सर्वांत आधी करून घ्यावी.

बॅटरीचा प्रश्न आपण विचारलात, ते उत्तम झाले. पूर्ण दिवसाची वीज बॅटरीत न्यायची म्हटले, तर वापरता येणारा भाग लक्षात घेऊन सुमारे १,२५० किलोवॉट-तासांची बॅटरी लागेल आणि तिचे वजन १२ टनांच्या घरात जाईल. तसे कोणी करणार नाही. परंतु प्रत्येक खेपेनंतर चार्जिंग मिळाले, तर एका खेपेपुरते सुमारे ११० किलोवॉट-तास भरून काढले की काम भागते आणि २५० ते ३०० किलोवॉट-तासांची, अडीच-तीन टनांची बॅटरी पुरते. आता आपला १५ मिनिटांचा थांबा घ्या. दोर बांधणे, प्लग जोडणे आणि काढणे यांत तीन मिनिटे गेली, तर उरलेल्या १२ मिनिटांत ११० किलोवॉट-तास भरण्यासाठी ५५० किलोवॉटची जोडणी हवी, तीही दोन्ही धक्क्यांवर. तेथे एवढी वीज मिळत असेल, किंवा थांबा अर्ध्या तासाचा करून एखादी जादा बोट घालता येत असेल, तर माझे स्पष्ट मत बॅटरीच्या बाजूने आहे.

कारण विजेचा हिशेब असा पडतो. पाण्याच्या विद्युत अपघटनाने एक किलो हायड्रोजन मिळवायला ५० ते ५५ किलोवॉट-तास वीज लागते आणि तो दाबून भरायला आणखी काही. आपल्या ६२ किलोंसाठी दिवसाला साडेतीन हजार युनिटांच्या (युनिट म्हणजे किलोवॉट-तास) आसपास खर्च होईल. बॅटरीची बोट तेच अंतर साडेअकराशे युनिटांत कापते. तिपटीचा हा फरक कितीही सुबक यंत्र आणले तरी पुसला जात नाही.

फ्युएल सेल घ्यायचाच झाला, तर तो १८० किलोवॉटच्या शिखरासाठी घेऊ नये. सुमारे १२० ते १५० किलोवॉटचा फ्युएल सेल संथपणे, एकसारखा चालू द्यावा आणि वरचे झटके साठ-सत्तर किलोवॉट-तासांच्या बॅटरीने सोसावेत. डिझेलवाल्यांना एक गोष्ट सुरुवातीला उलटी वाटते: फ्युएल सेलची कार्यक्षमता पूर्ण भारापेक्षा अर्ध्या भारावर चांगली असते, त्यामुळे थोडी मोठी यंत्रणा घेऊन ती सावकाश चालवणे परवडते. वारंवार बंद-चालू करणे आणि भार सतत वरखाली करणे मात्र त्याचे आयुष्य खाते.

आणि हे सर्व करण्याआधी वेग तपासा. शक्ती साधारणपणे वेगाच्या घनाच्या प्रमाणात वाढते. १० नॉटऐवजी ९ नॉट ठेवले, तर एका खेपेला सात मिनिटे अधिक लागतील, परंतु शक्ती पाव हिश्शाहून अधिक उतरेल आणि प्रत्येक खेपेची ऊर्जा जवळपास एक पंचमांशाने कमी होईल.

यंत्रघर (उत्तर)

वरील हिशेबात मला काही दुरुस्त करावेसे वाटत नाही. मी एका लहान फ्युएल सेल बोटीच्या जोडणीच्या आणि चाचण्यांच्या काळात काम केले आहे, म्हणून सुरक्षितता आणि देखभाल या दोनच बाबींवर लिहितो.

हायड्रोजन हवेत ४ टक्क्यांपासून ७५ टक्क्यांपर्यंत कोणत्याही प्रमाणात मिसळला तरी पेटू शकतो, आणि पेटण्यासाठी त्याला लागणारी ठिणगी इतकी क्षीण असते की कपड्यांच्या घर्षणातून निर्माण होणारी स्थिर विद्युतही पुरते. दिवसाच्या उजेडात त्याची ज्योत जवळजवळ दिसत नाही. दुसरीकडे, तो हवेपेक्षा चौदा पट हलका असल्याने उघड्यावर क्षणात वर निघून जातो. डिझेल किंवा पेट्रोलच्या वाफेप्रमाणे बोटीच्या तळाशी साचून राहत नाही. म्हणून प्रवासी बोटीची सारी सुरक्षितता एकाच प्रश्नावर येऊन थांबते: वायू सुटला तर त्याला वर जायला मोकळी वाट आहे का? आराखडा पाहताना मी टाक्यांकडे नंतर पाहतो, आधी छताची खालची बाजू पाहतो. तेथे तुळयांमुळे तयार झालेला एखादा बंद कप्पा, उलटा ठेवलेल्या परातीसारखा खळगा, दिव्यांसाठी ठोकलेले खोटे छत असे काही असेल, तर वायू तेथेच अडकून बसणार.

नियमांच्या बाबतीत आपण अगदी कोऱ्या पाटीवर नाही. आंतरराष्ट्रीय सागरी संघटनेने जहाजांवरील फ्युएल सेल यंत्रणांसाठी २०२२ मध्ये हंगामी मार्गदर्शक सूचना काढल्या आहेत. बंद जागेतून जाणारे पाइप दुहेरी भिंतीचे, फ्युएल सेलच्या कक्षाला स्वतंत्र वायुवीजन, आणि ठरावीक प्रमाणाच्या वर वायू आढळताच पुरवठा आपोआप तुटणे, ही पद्धत आता सर्वमान्य आहे. पेट घेण्याच्या किमान प्रमाणाच्या २० टक्क्यांवर, म्हणजे हवेत ०.८ टक्के हायड्रोजन झाला की इशारा आणि ४० टक्क्यांवर पुरवठा बंद, अशी मांडणी सामान्यतः केली जाते. आपल्या बोटीला कोणती वर्गीकरण संस्था, म्हणजे जहाजांची बांधणी तपासून प्रमाणपत्र देणारी संस्था, मान्यता देणार, हे ठरवून तिच्या अभियंत्यांना आराखड्याच्या पहिल्या दिवसापासून सोबत घ्यावे. बोट तयार झाल्यावर त्यांच्याकडे गेल्यास पाइपांचे मार्ग बदलावे लागतात आणि पाइप बदलला की सगळेच बदलते.

आता दोन प्रसंग. आमच्या चाचण्यांच्या वेळी एके सकाळी वायुसूचकाने इशारा दिला, पुरवठा बंद झाला, सर्वजण धक्क्यावर उतरले. दोन तास प्रत्येक सांधा तपासूनही गळती सापडेना. अखेर लक्षात आले की शेजारच्या कक्षात आदल्या रात्री रंगकाम झाले होते आणि रंगात घातलेल्या द्रावकाची वाफ वायुवीजनातून सूचकापर्यंत पोहोचली होती. उत्प्रेरकावर चालणारे सूचक अशा ज्वलनशील वाफांना हायड्रोजनच समजतात. त्याहून वाईट म्हणजे सिलिकॉनयुक्त सीलंटच्या वाफेने ते कायमचे मंद होतात, आणि मग खरी गळती झाली तरी गप्प बसतात. तेव्हापासून त्या बोटीवर कोणता रंग, कोणता सीलंट, कोणते साफसफाईचे रसायन येणार, याची नोंदवही ठेवली गेली. हे काम यंत्र खरेदीच्या कागदपत्रांत कोठेही नसते, परंतु खलाशांना ते रोज करावे लागते.

दुसरा प्रसंग शीतकाचा. फ्युएल सेलमध्ये शेकडो घट एकावर एक रचलेले असतात, प्रत्येकाचा दाब चालताना ०.६ ते ०.७ व्होल्ट, आणि त्या सर्वांमधून एकच शीतक फिरते. म्हणून ते विद्युतवाहक असून चालत नाही. त्याची वाहकता मोजणारा लहानसा मापक आमच्या यंत्रघरात होता. आकडा दोन-तीनच्या आसपास असायचा आणि पाचाच्या वर जाऊ द्यायचा नाही, असा नियम होता. पातळी थोडी उतरलेली पाहून एका नव्या सहकाऱ्याने, डिझेल इंजिनाच्या सवयीने, नळाचे तांब्याभर पाणी त्यात घातले. त्याचा हेतू चांगलाच होता. परंतु मापकाचा आकडा चढत गेला, इन्सुलेशन बिघडल्याचा इशारा आला आणि यंत्रणा सुरू होण्याचेच नाकारू लागली. सगळे शीतक काढून, आयनविरहित पाण्याने तीनदा धुऊन, नवे भरेपर्यंत दोन दिवस गेले. आपण डिझेलवर काम केलेले आहे, त्यामुळे खलाशांच्या प्रशिक्षणात ही एक सवय मोडणे किती आवश्यक आहे, हे आपल्याला लगेच पटेल.

खाऱ्या हवेबद्दल आपली शंका योग्य आहे. फ्युएल सेलला लागणारा ऑक्सिजन बाहेरच्या हवेतून येतो आणि त्या हवेबरोबर मिठाचे सूक्ष्म कण येतात. त्यांतील सोडियम घटामधल्या, प्रोटॉन पलीकडे नेणाऱ्या पातळ पटलात शिरून प्रोटॉनची जागा अडवतो आणि क्लोराइड प्लॅटिनमच्या उत्प्रेरकावर जाऊन बसतो. दोन्हींमुळे शक्ती हळूहळू उतरते. यावर उपाय म्हणजे हवा उंचावरून, तुषारांपासून दूर घेणे, आधी पाण्याचे थेंब वेगळे करणारी जाळी आणि नंतर रासायनिक गाळणी लावणे, आणि त्या गाळण्या वेळेवर बदलणे. शेजारून जाणाऱ्या डिझेल बोटींचा धूरही तेवढाच घातक असतो, कारण त्यातील गंधक प्लॅटिनमला चिकटते. आपल्या धक्क्यावर इतर बोटी डिझेलच्या राहणार असतील, तर हवा आत घेण्याची जागा ठरवताना वारा कोणत्या बाजूने वाहतो, तेही पाहावे.

भरतीओहोटी (उत्तर)

प्रत्यक्ष अनुभवांविषयी आपण विचारले आहे, म्हणून तेवढ्यापुरते लिहितो. या बोटींचा इतिहास वाचताना माझे एक मत पक्के होत गेले आहे, ते असे की बोटीपेक्षा किनारा अवघड आहे.

हॅम्बुर्गच्या आल्स्टर सरोवरात २००८ मध्ये ‘आल्स्टरवासर’ ही शंभर प्रवाशांची बोट उतरली. ४८ किलोवॉटचे दोन फ्युएल सेल आणि ३५० बार दाबाखाली ५० किलो हायड्रोजन, म्हणजे आपल्या गरजेच्या अगदी जवळची. २०१० मध्ये तिच्यावर आग लागली, परंतु ती शिशाच्या बॅटऱ्यांतून लागली होती. हायड्रोजनच्या टाक्या आणि फ्युएल सेल सुरक्षित राहिले. दुरुस्तीनंतर ती पुन्हा धावू लागली. ती थांबली ती २०१३ मध्ये, हायड्रोजन भरण्याचे केंद्र परवडेनासे होऊन बंद झाले तेव्हा. बोट चांगली, प्रवासी खूश, आणि भरायला वायूच नाही, ही गोष्ट मला आजही फार लागते.

नॉर्वेची ‘हिड्रा’ ही ८२ मीटरची, ३०० प्रवासी आणि ८० मोटारी नेणारी फेरी आहे. ती २०२१ मध्येच तयार होऊन आली, परंतु द्रवरूप हायड्रोजनवर चालू लागली ती ३१ मार्च २०२३ रोजी. मधल्या काळात ती बॅटरी आणि डिझेल जनरेटरवर धावली. उणे २५३ अंशांवरचे तिचे इंधन जर्मनीतील लॉइनाहून ट्रकने येते. सॅन फ्रान्सिस्कोच्या आखातातील ‘सी चेंज’ ही ७५ प्रवाशांची कॅटॅमरॅन जुलै २०२४ मध्ये प्रवाशांसाठी सुरू झाली. तिच्यावर ३६० किलोवॉटचे फ्युएल सेल, २४६ किलो वायूच्या टाक्या आणि १०० किलोवॉट-तासांची बॅटरी आहे. डोलकाठी यांच्या हिशेबाने पाहिले, तर पूर्ण भरलेल्या टाकीवर ती पूर्ण शक्तीने दहा तासांहून अधिक चालू शकते. तिलाही इंधन धक्क्यावर आणलेल्या ट्रकमधूनच दिले जात असे. भारतात कोचीन शिपयार्डने बांधलेल्या, ५० प्रवाशांच्या आणि २४ मीटर लांबीच्या कॅटॅमरॅनचे लोकार्पण २८ फेब्रुवारी २०२४ रोजी झाले. ती वाराणसीसाठी बांधलेली आहे आणि तिच्या फ्युएल सेलसाठी केपीआयटी ही कंपनी शिपयार्डची भागीदार आहे.

आता आपल्या ६२ किलोंकडे येऊ. हायड्रोजन वाहून नेणारा पोलादी नळकांड्यांचा ट्रक २०० बारवर सुमारे ३०० किलो वायू आणतो आणि त्यासाठी चाळीस टनांचे वाहन रस्त्यावरून हिंडवतो. म्हणजे दर चार दिवसांनी असा एक ट्रक आपल्या धक्क्यापर्यंत पोहोचला पाहिजे, तेथे तो उभा राहण्याइतकी जागा आणि तेवढे वजन पेलणारा रस्ता हवा, आणि २०० बारचा वायू ३५० बारवर नेणारा दाबयंत्राचा संच हवा.

‘स्वच्छ’ या शब्दाचीही परीक्षा येथेच होते. नैसर्गिक वायूपासून केलेल्या प्रत्येक किलो हायड्रोजनमागे ९ ते १० किलो कार्बन डायऑक्साइड हवेत जातो. ६२ किलोंचे दिवसाला सुमारे ६०० किलो झाले. आपली डिझेल बोट २०० किलो डिझेल जाळून ६४० किलो सोडते. म्हणजे धूर बोटीवरून कारखान्याच्या धुराड्यावर गेला, एवढेच घडले! कोळशाच्या विजेवर विद्युत अपघटन केले, तर दिवसाला तीन टनांहून अधिक होतील. प्रवाशांच्या नाकाशी धूर राहत नाही, हा लाभ खरा आहे आणि तो मी कमी लेखत नाही. पण हायड्रोजन कशापासून केलेला आहे, हे पुरवठ्याच्या करारात लेखी असल्याशिवाय टिपणात ‘प्रदूषणमुक्त’ हा शब्द वापरू नये, अशी माझी आपल्याला कळकळीची विनंती आहे.

सुकाणू

तिघांचेही मनःपूर्वक आभार. दोन्ही धक्क्यांवरील विजेची चौकशी मी केली. एका ठिकाणी ६०० किलोवॉटची जोडणी मिळू शकते, दुसऱ्या ठिकाणी मात्र जवळच्या वाहिनीची क्षमताच अपुरी आहे आणि ती वाढण्यास बराच काळ लागेल. एकाच धक्क्यावर, म्हणजे जाऊन-येऊन ४० किलोमीटरनंतर चार्जिंग करायचे म्हटले, तर हिशेब कसा होईल? आणि हायड्रोजन घेतल्यास, तो प्रवासी उतरल्यावर दुपारच्या थांब्यात भरता येईल काय?

डोलकाठी

एकाच धक्क्यावर चार्जिंग असेल, तर दर वेळी २२० किलोवॉट-तास भरावे लागतील. ६०० किलोवॉटच्या जोडणीवर त्याला २२ मिनिटे, आणि बांधणे-सोडणे धरून २५ मिनिटे. बॅटरी ४५० ते ५०० किलोवॉट-तासांची, म्हणजे पाच टनांच्या आत. नव्या कॅटॅमरॅनला ते वजन, तेही तळाशी ठेवलेले, सहज पेलते. एका टोकाचा थांबा १५ वरून २५ मिनिटांवर नेल्याने दिवसाच्या वेळापत्रकात फारतर एक खेप कमी होईल. मी आपल्या जागी असतो, तर टिपणात हा पर्याय पहिला मांडला असता, आणि हायड्रोजनचा पर्याय ज्या मार्गावर दोन्ही टोकांना वीज नाही किंवा एका दमात सत्तर-ऐंशी किलोमीटर जायचे आहे, त्या मार्गासाठी राखून ठेवला असता.

यंत्रघर

दुपारी भरण्याबद्दल: वायू झपाट्याने भरला की टाकी आतून तापते आणि तिचे तापमान ८५ अंशांच्या वर जाऊ द्यायचे नसते. लवकर भरायचे असेल, तर वायू आधी थंड करणारी यंत्रणा किनाऱ्यावर उभारावी लागते आणि तिचा खर्च मोठा आहे. त्यापेक्षा रात्री, बोट रिकामी असताना, तीन-चार तास सावकाश भरावे. त्या वेळी भरतीओहोटीने बोट धक्क्याच्या तुलनेत वरखाली होत राहील, म्हणून नळीची लांबी आणि ताण बसताच वायू न सुटता अलग होणारा जोड, या दोन्ही गोष्टी आपल्या धक्क्यावरील भरतीच्या कमाल फरकावरून ठरवाव्या लागतील. तो फरक मोजलेला असेल, तर येथे कळवावा. तरंगता धक्का हवा की नाही, हे त्यावरूनच सांगता येईल.